सशाच्या तोंडात हेडसर

"आज माझा गेम स्पर्धेत जाणार, आणि खेळणारे उद्यापासून दिवे लावून झोपणार!" मिरीने छाती फुगवून जाहीर केलं.

"आधी जेवून घे," आई म्हणाली.

लहान मुलांच्या गोडगोड गेममधली पात्रं उचलायची आणि त्यांची भुतं करायची, ही मिरीची हौस! असले गेम घरबसल्या करणाऱ्यांची इंटरनेटवर टोळीच आहे, आणि त्यांचीच ही स्पर्धा. मिरीने बेकरीवाला गुबगुबीत ससा घेतला. डोळे बशीएवढे केले, बुबुळं पुसली, मान दोरीसारखी ताणली. तरी मेला गोडच दिसे! शेवटी तिने बाबांच्या दवाखान्यातला दातांचा एक प्लास्टरचा साचा गाठला, त्याचा फोटो काढला आणि सशाच्या तोंडात बसवला. चित्रातल्या सशाला खऱ्या माणसाचे दात! तिचीच बोबडी वळली.

"जमलं!"

दवाखाना घराला लागूनच. शेवटची चाचणी म्हणून मिरीने आवाज वाढवून गेम सुरू केला. लॅपटॉप परस्पर दवाखान्यातल्या टीव्हीला जोडला गेलाय, हे तिला काय ठाऊक! त्यावर रुग्णांचं मन शांत राहावं म्हणून मासे पोहत असत. मासे गेले, ससा आला!

किंकाळी! धडाम्!

"मिरेऽऽ!" बाबा ओरडले.

ती धावली. एक काकू पर्स डोक्यावर धरून टेबलाखाली बसलेल्या. आणि पडद्याला नाक लावून उभे होते निवृत्त हेडसर! ज्यांच्या चपलांच्या आवाजाने अख्खी शाळा गार पडायची, तेच.

"डॉक्टर, हा माझा जबडा आहे."

"छे हो, सर, कशावरून?"

"पुढच्या दातांतली ही फट! जन्मभर आरशात बघतोय मी हिला."

बाबा सशाहून पांढरे पडले. "माफ करा, सर. आत्ता काढायला लावतो."

मिरीने घड्याळाकडे पाहिलं. दात गेले की ससा पुन्हा गोड, आणि स्पर्धा तर संध्याकाळीच बंद!

"चुकलं, सर," ती कशीबशी म्हणाली. "विचारायला हवं होतं. तुम्ही म्हणाल तर काढते."

"पोरं घाबरतात याला?"

"घाबरावीत, अशी फार इच्छा आहे, सर."

सरांनी टकलावरून हात फिरवला. "मला हल्ली कुणीच घाबरत नाही गं. नात टकलावरून खेळण्यातली गाडी चालवते. राहू देत दात! पण पकडल्यावर हा करतो काय?"

"गिळतो."

"हात्तिच्या! त्यात कसली शिस्त? सतराचा पाढा विचारायला लाव. चुकला की पुन्हा पहिल्यापासून!"

मिरीने नाक मुरडलं. पण दात हवे होते ना! पाढा बसवला, तोही सरांच्याच आवाजात.

निकाल लागला. पहिला नंबर! मिरी घरभर नाचली आणि परीक्षकांचं मत आईबाबांना मोठ्यांदा वाचून दाखवू लागली.

"'सतराचा पाढा! अंगावर काटा आला. इतकं क्रौर्य आम्ही कुठल्याच गेममध्ये पाहिलं नव्हतं...'"

"आणि चित्रांबद्दल?" आईने विचारलं.

मिरीचा आवाज एकदम बारीक झाला.

"'ससा गोड आहे.'"