विमा नसल्याचा दाखला

"विमा नसल्याचा दाखला आणा," मदत कक्षाच्या खिडकीतला माणूस म्हणाला आणि मावशींच्या खांद्यावरून पुढच्या पेशंटकडे बघू लागला.

टेलरमावशी जागच्या हलल्या नाहीत. त्यांच्या डाव्या डोळ्यात मोतीबिंदू पिकून बसला होता आणि उजवा त्याच वाटेला लागला होता. त्यामुळे खिडकीतला माणूस त्यांना एक करडा ठिपका आणि त्यावर चष्मा, एवढाच दिसत होता. आवाज मात्र चांगला ऐकू येत होता, आणि तो त्यांना मुळीच आवडला नव्हता.

"काय नसल्याचा?"

"विमा. तुमचा आरोग्यविमा आहे का?"

"नाही."

"मग नाही असा दाखला आणा. ज्यांचा विमा नाही त्यांचंच ऑपरेशन मोफत होतं. योजनाच तशी आहे."

"अहो, पण नसलेल्या गोष्टीचा दाखला द्यायचा कुणी? मला शेपूटही नाही. त्याचाही आणू का?"

रांगेत कुणीतरी फिस्सकन हसलं. पोस्टमनकाकांनी बायकोचं कोपर हळूच ओढलं. "अगं, ते सांगतायत तर आणू ना. एक कागदच तर आहे."

काकांचा सगळा जन्म दारोदार कागद पोचवण्यात गेला होता. निवृत्त होऊनही शिक्का मारलेला कागद दिसला की त्यांचा हात आपोआप शर्टावर पुसला जायचा. मावशींचं उलट होतं. घराच्या पुढच्या खोलीत बसून त्यांनी अख्ख्या गल्लीचे कपडे शिवले, पण मापं कधी कागदावर लिहिली नाहीत. माणूस एकदा डोळ्यांखालून गेला की झालं. आता ते डोळेच दगा देऊ लागले होते. सुईत दोरा अंदाजाने जात होता. परवा एका शिक्षकाच्या शर्टाला त्यांनी काजं केली आणि बटणंही त्याच बाजूला लावली. तो बिचारा मुकाट्याने शर्ट घेऊन गेला आणि पुन्हा आला नाही. हे त्यांच्या जास्त जिव्हारी लागलं होतं.

वरच्या मजल्यावरच्या डॉक्टरीणबाईंनी तर सगळं अगदी सोपं करून सांगितलं होतं. "मावशी, या आठवड्यातच करू ऑपरेशन. खाली मदत कक्षात फक्त तेवढी नोंद करून या." ते 'फक्त' आता खिडकीत चष्मा लावून बसलं होतं.

"हा दाखला मिळतो कुठे?" काकांनी विचारलं.

"विमा कंपनीत."

"पण ही त्या कंपनीची पायरीही कधी चढलेली नाही."

"मग सोपंच आहे की. तेवढंच लिहून द्यायचंय त्यांना."

विमा कंपनीचं ऑफिस इतकं थंडगार होतं, की मावशींना शिंकांवर शिंका आल्या आणि त्या बाहेर पायरीवर जाऊन बसल्या. आत काकांनी टाय लावलेल्या तरुणाला सगळी हकिकत सांगितली. तरुणाने ती फार आदबीने ऐकली.

"काका, तुमची अडचण कळली. पण पत्र आम्ही आमच्या ग्राहकांनाच देतो."

"ती ग्राहक नाही, एवढंच तर लिहायचंय."

"बरोबर. आणि ग्राहक नाहीत, म्हणूनच देता येत नाही."

"ग्राहक असती तर दिलं असतं?"

"लगेच!"

दुसरा कुणीही इथे कपाळावर हात मारून उठला असता. पण ऑफिसात जाऊन कागद न घेता परत फिरणं काकांच्या रक्तातच नव्हतं. त्यांनी डोकं लढवलं. "आरोग्याचा सोडून दुसरा एखादा विमा असतो का हो? अगदी बारीकसा?"

तरुणाचा चेहरा उजळला. आगीचा होता, चोरीचा होता, सायकलीचा होता, घरातल्या यंत्रांचाही होता. काकांच्या डोळ्यांपुढे बायकोचं हाताने फिरवायचं शिलाई मशीन आलं. थोड्या वेळाने ते बाहेर आले तेव्हा त्यांच्या हातात कडक कागदावरचं पत्र होतं. 'सदर महिला आमच्या सन्माननीय ग्राहक असून त्यांचा आमच्याकडे कोणताही आरोग्यविमा नाही.' खाली गोल शिक्का.

"मिळालं की!" काका म्हणाले. सन्माननीय ग्राहक आपण कधी झालो, हे मावशींनी विचारलं नाही, कारण पत्र त्यांना वाचताच येत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी खिडकीतल्या माणसाने पत्र बघितलं, मान डोलावली, कॉम्प्युटरमध्ये मावशींचं नाव घातलं आणि मान डोलवायचा थांबला.

"तुमचा विमा आहे."

"पत्रात लिहिलंय ना नाही म्हणून?"

"पत्रात नाही. कॉम्प्युटरमध्ये आहे. कालच काढलाय."

मावशींनी सावकाश नवऱ्याकडे तोंड वळवलं. चेहरा धड दिसत नसला तरी त्यावर काय असेल, हे इतक्या वर्षांच्या संसारानंतर त्यांना बघायची गरज नव्हती. काकांनी एका दमात सगळं कबूल केलं.

"साहेब, तो विमा मशीनचा आहे हो," काका काकुळतीला आले. "शिलाई मशीनचा! हिचा नव्हे."

"कॉम्प्युटरला नाव दिसतं, मशीन दिसत नाही. विमाधारकाला योजना लागू नाही. अर्ज बाद." त्याने शिक्का मारला. आयुष्यात पहिल्यांदाच काकांना शिक्क्याचा आवाज गोड लागला नाही.

"म्हणजे माझ्यापेक्षा माझ्या मशीनची सोय चांगली," मावशी म्हणाल्या. "मग असं करा. ऑपरेशन त्याचंच करा."

खिडकीतला माणूस सकाळपासून बोलून बोलून दमला होता. त्याच्या तोंडून सहज निघून गेलं, "आणा मशीन. बघू."

असं बोलणं मावशींसमोर कुणी बोलू नये. गल्लीतल्या कुणालाही विचारलं असतं तरी त्याने सांगितलं असतं.

दुसऱ्या दिवशी मशीन काकांच्या जुन्या सायकलीच्या कॅरिअरला बांधून हॉस्पिटलात आलं. काका सायकल ढकलत होते, पण तोंड अशा बेताने वळवून, की जणू सायकल दुसऱ्याच कुणाची तरी आहे. मावशी ताठ मानेने पुढे. केसपेपरच्या काउंटरवर त्यांनी मशीन ठेवलं.

"पेशंटचं नाव?" तिथल्या मुलीने मान वर न करता विचारलं.

"मशीन."

"आडनाव?"

"शिलाई."

मुलीने लिहिलं. वय, पत्ता, तक्रार. 'चालताना आवाज येतो' ही तक्रारही लिहिली. शिक्का मारल्यावर तिने मान वर केली, पण तोवर केसपेपर मावशींच्या हातात गेला होता.

मशीन मदत कक्षाच्या खिडकीखालच्या बाकावर विराजमान झालं. "हे विमाधारक आहे," मावशींनी जाहीर केलं. "मी नाही. आता याला आत घ्या, नाहीतर मला घ्या. दोघांपैकी एकाला घेतल्याशिवाय मी इथून उठत नाही."

खिडकीतला माणूस म्हणाला, उठा. वॉचमन म्हणाला, मावशी, असं नाही करायचं. रांग म्हणाली, बसा हो तुम्ही! गलका ऐकून डॉक्टरीणबाई जिना उतरून आल्या. त्यांनी केसपेपर वाचला, चेहऱ्यावरची सुरकुतीही हलू न देता स्टेथोस्कोप मशीनला लावला आणि लिहिलं, 'तेल. दिवसातून एकदा.' मग मावशींच्या कानाशी वाकून म्हणाल्या, "उठू नका. अधीक्षकसाहेब मीटिंगमधून सुटले की मी बोलते."

आता मशीनसमोर बसून हात रिकामे ठेवणं मावशींच्या स्वभावात नव्हतं. वॉचमनच्या कोटाचं अस्तर लोंबत होतं, ते त्यांनी शिवून दिलं. ते बघून वॉर्डातल्या आयाबाई फाटक्या ॲप्रनचा गठ्ठाच घेऊन आल्या. हॉस्पिटलचा शिंपी म्हणे केव्हाच निवृत्त झाला होता आणि त्याची जागा भरायची फाइल अजून कुठेतरी फिरत होती. मावशींचं मशीन खडखडू लागलं. रांगेतल्या एकीने गठ्ठा सोडला, एकाने हँडल फिरवलं, काकाही शेवटी सायकल सोडून दोरे तोडायला बसले. अंगात जोर होता, मनात राग होता, टाके भराभर पडत होते. ते कुठे पडत होते, एवढंच काय ते मावशींना दिसत नव्हतं.

वॉचमनला पहिल्यांदा शंका आली. त्याने कोट घातला, तेव्हा एक खिसा गायब होता. आत बिड्या होत्या, त्या बाहेरून चाचपता येत होत्या. एक सिस्टर डोकं ॲप्रनमध्ये घालून बराच वेळ गळा शोधत फिरली. पण कुणी काही बोलायच्या आत आयाबाईंनी नेमका अधीक्षकसाहेबांचा ॲप्रन नेऊन त्यांच्या खुर्चीवर टाकला होता.

साहेब मीटिंगमधून आले. ओपीडीत एका बाईने कारखाना काढल्याचं त्यांच्या कानावर गेलं. त्यांनी रागारागाने ॲप्रन उचलला आणि चालता चालताच उजवा हात बाहीत घातला. हात बाहीत गेला, तो बाहेर आला नाही. साहेबांनी जोर केला. हात आणखी घट्ट बसला. त्याच अवस्थेत ते मदत कक्षासमोर येऊन उभे राहिले.

"कोण आहे ही बाई?" त्यांनी बोट दाखवायचा प्रयत्न केला. उशीच्या अभ्र्यासारखी बंद बाही हवेत हलली. रांगेतल्या बायकांनी तोंडाला हात लावले.

"मी," मावशी म्हणाल्या. "काय झालं, साहेब?"

"हे तुम्ही शिवलंत? अहो, बाहीचं तोंड बंद आहे!"

"असेल. मला दिसत नाही, म्हणून तर मी हॉस्पिटलात आलेय."

"मग उसवा!"

"उसवायला तर शिवण्यापेक्षा जास्त दिसावं लागतं. आणि कात्री लावली तर मी मनगटाची खात्री देणार नाही."

साहेबांनी मनगट घाईने छातीशी धरलं. डॉक्टरीणबाईंनी ही वेळ साधली आणि सगळा घोळ सांगितला: दाखला, कंपनी, मशीन, कॉम्प्युटर. साहेबांची मान प्रत्येक वाक्याला थोडी थोडी खाली येत गेली. "नियमांची पुस्तिका आणा," ते म्हणाले. पुस्तिका कपाटामागून निघाली. पानं उलटायला साहेबांचा हात मोकळा नव्हता, म्हणून डॉक्टरीणबाईंनी वाचलं.

"'रुग्णाचा आरोग्यविमा नसल्यास त्याने तसे तोंडी सांगावे. कर्मचाऱ्याने त्याची नोंद घ्यावी.'"

"पुढे?"

"पुढे काही नाही. पुढे छापखान्याचं नाव आहे."

साहेबांनी खिडकीकडे पाहिलं. "मग हा दाखला कुणी सुरू केला?"

"माझ्या आधीचे मागायचे, साहेब," खिडकीतला माणूस म्हणाला. "त्यांच्या आधीचेही मागत असणार."

"कशासाठी?"

"नियम आहे म्हणून."

साहेब यावर बरंच काही बोलू शकले असते. पण एक हात पोत्यात असलेल्या माणसाचा आवाज फारसा चढत नाही. ते एवढंच म्हणाले, "घ्या यांची नोंद. तोंडी."

आता मावशींनी खिडकीपाशी जाऊन हळूच सांगितलं असतं तरी चाललं असतं. पण त्यांनी खिडकीकडे पाठ केली, रांगेकडे तोंड केलं आणि गच्चीवरून गल्लीतल्या माणसाला हाक मारायच्या आवाजात म्हणाल्या, "माझा विमा नाही!"

रांग दचकली. मग हात प्लास्टरमध्ये असलेला एक गवंडी पुढे झाला. "माझापण नाही!" त्याच्यामागून कडेवर लेकरू घेतलेली एक बाई, "याचाही नाही, आणि माझाही नाही!" एक बहिरे आजोबा सगळ्यांच्या तोंडाकडे बघत होते, ते म्हणाले, "जे काय असेल ते, माझ्याकडे तर मुळीच नाही!" जी माणसं रोज मान खाली घालून, कुणाला ऐकू जाऊ नये अशा बेताने हे वाक्य पुटपुटायची, ती आज शाळेत हजेरी द्यावी तशी ते ओरडून सांगत होती. खिडकीतला माणूस लिहीत होता, लिहीत होता, आणि त्याला मान वर करायला फुरसत नव्हती. काका दोरे तोडायचे सोडून उभे राहिले होते. इतकी वर्षं लोकांचे कागद पोचवले, पण माणूस नुसतं बोलला आणि ते खरं धरलं गेलं, असं त्यांनी आज पहिल्यांदा पाहिलं.

साहेबांची बाही अखेर शस्त्रक्रिया विभागात कापावी लागली. मावशींचं ऑपरेशन त्याच आठवड्यात झालं, आणि चांगलं झालं.

पट्टी सुटली त्या दिवशी मावशी जिना कुणाचा हात न धरता उतरल्या. भिंतीचा रंग किती घाण आहे हे त्यांना दिसलं आणि आनंद झाला. मदत कक्षासमोर रांग होती, पण ती सरकत होती. मावशी मुद्दाम खिडकीपाशी थांबल्या. इतके दिवस ज्या ठिपक्याशी आपण भांडलो, त्याचं तोंड तरी बघावं, म्हणून.

तोंड साधंच निघालं. पन्नाशीतला, खप्पड गालांचा, सदऱ्याची कॉलर विरलेला माणूस. मावशींना ओळखून तो अर्धवट उठला आणि पुन्हा बसला. मग त्याने इकडेतिकडे पाहिलं, खुर्ची सरकवली, दार उघडून बाहेर आला आणि रांगेच्या बाजूला मावशींसमोर उभा राहिला.

"मावशी, एक विचारायचं होतं." त्याचा आवाज खाली गेला. "मी इथे कंत्राटावर आहे. हर्निया आहे मला. डॉक्टर म्हणतात, काढायला हवा. आणि माझा... म्हणजे माझापण..."

"काय?"

"...नाही," तो पुटपुटला.

"मग इतके दिवस काय करत होतात?"

"दाखला कोण देणार होतं मला?"

मावशींनी त्याला नव्या डोळ्याने आपादमस्तक न्याहाळलं. मग त्याच्या दंडाला धरून त्याला रांगेत उभं केलं, आणि सगळ्यांकडे तोंड करून वळवलं.

"मोठ्याने म्हणा," त्या म्हणाल्या. "मागच्यांना ऐकू गेलं नाही."