दार उघडंच होतं, लारसराव

२०२३ साली मी चौऱ्याहत्तर वर्षांचा होतो, आणि त्या वयात मला उघड्या दारावर टकटक करणारा माणूस भेटला.

लालबागच्या आमच्या चाळीत सकाळी उघडलेली दारं रात्रीच लागतात. दिवसा दार बंद म्हणजे एकतर नवं लग्न, नाहीतर माणूस गावाला गेलेला. आणि हा स्वीडनचा उंचच्या उंच लार्स. आम्ही त्याला लारसराव म्हणायचो. मी समोर खाटेवर बसलेलो दिसत असलो तरी हा चौकट वाजवणार आणि बाहेरून विचारणार, "काका, आपण आहात का?" मराठी कुठल्याशा बाईंकडे शिकून आलेला, त्यामुळे बोलायचा लग्नपत्रिकेसारखं.

त्याचा धंदा माहितीपट काढायचा. तरुणपणापासून तेच. हिरो नाही, गाणं नाही, मारामारी नाही. एक सिनेमा त्यांच्याकडे बर्फात रेनडियर राखणाऱ्यांवर, एक म्हाताऱ्यांच्या नाचाच्या क्लबावर. आता आमच्या शेजारावर. शेजारची शैला पावडर लावून, ठेवणीतली साडी नेसून उभी राहिली, तर याने तिच्या मागची पाण्याची पिंपं टिपली. आठवडाभर ती त्याच्याशी बोलली नाही.

त्याला हवा होतो मी. एकटा म्हातारा, त्याची खोली, त्याचा दिवस. तुमच्याशिवाय सिनेमा अर्धा, म्हणाला. मलाही यायचं होतं, खोटं कशाला बोलू. गिरणीत उभी हयात काढली, आणि फोटो म्हणाल तर लग्नातला तेवढा एक. पण मी चौथी शिकलेलो असलो तरी तत्त्वाचा माणूस. उघड्या दारात या-बसा म्हणायला मी काय हॉटेल काढलंय? शेजाऱ्याने सरळ आत यावं, टोपावरचं झाकण उचलून बघावं. मी 'ये' म्हणेना, आणि तो त्याशिवाय येईना. मी आत जेवायचो, तो बाहेर उभा.

"तात्या," शैला जाता-येता म्हणायची, "गोरा वाळतोय बाहेर बोंबलासारखा. घ्या की आत."

"पाय आहेत त्याला."

शेवटी वैतागून मी खेकसायचो, दिसत नाय काय तुला? त्यावर मात्र तो खूश व्हायचा. मान डोलवून निघून जायचा. येडाच.

त्याचे परत जायचे दिवस जवळ आले. म्हटलं, आता सोक्षमोक्ष. दुपारी तोंडावर चादर ओढून पडलो. आज हूं की चूं करायचं नाही.

टकटक. "काका, आपण आहात का?"

मी गप्प. पुन्हा टकटक, जोरात. मग नुसतंच "काका?" मग काहीतरी त्याच्या भाषेत. आणि धाडकन आवाज. ज्या कॅमेऱ्याला पोरांना बोट लावू देत नसे, तो गॅलरीत टाकून हा चपलांसकट आत, आणि माझे खांदे धरून गदागदा हलवतोय.

मी चादर काढली. "आलास ना शेवटी? हरलास."

तो हसला नाही. लादीवर बसला. पाणी दिलं, ते प्यायला. मग हळूहळू सांगितलं. वडील एकटे राहायचे. हा भेटायला गेला, दार वाजवलं, उत्तर आलं नाही. त्यांच्याकडे उत्तर आलं नाही की समजायचं, माणसाला एकटं राहायचंय, आणि मुकाट परतायचं. हा परतला. वडील तेव्हा आत जमिनीवर पडलेले होते; कळलं तोवर गेले होते.

"मी त्यांचा मान राखला, काका," तो म्हणाला. "आता उत्तर मिळेपर्यंत मी जात नाही."

शैलाने कॅमेरा उचलून आणला होता. खाटेपाशी ठेवून गेली. मी भात वाढला. तो जेवला.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याची लांब सावली उंबऱ्यावर पडली. बोट चौकटीकडे गेलं असणार. मी चहा गाळत होतो. मागे न बघताच ओरडलो,

"आहे रे मी. ये."