उलटं गाव

प्रेरणाचा सिनेमा पाहून दुसरबीड चक्रावणार म्हणजे चक्रावणारच! पुण्याहून सिनेमा शिकून आलेल्या पोरीने उगाच का अख्खं गाव उलटं करून दाखवलं होतं? आरशात दिसावं तसं! उजवीकडचा पार डावीकडे, पाट्यांवरची अक्षरंही उलटी. गोष्ट नाही, गाणं नाही, गेल्या वर्षी टिपलेलं नुसतं गाव. "रोजचं दिसणं मोडलं की माणूस नव्याने बघतो," हे ती जेवतानासुद्धा सांगायची.

वडील पुंजाजी ऐकून ऐकून कावले होते. "लोकं शेवटपर्यंत बसले तं जाय परत पुन्याले, काढ पिक्चर. उठून गेले तं इथंच लग्नाच्या शूटिंगा कर!"

सांजेला शाळेसमोर पातळ पांढरं कापड ताणलं. तर प्रेरणाची मोठी माय, म्हणजे थोरली काकू विमलबाई, साऱ्या बायांना घेऊन कापडाच्या मागेच जाऊन बसली!

"मोठी माय, समोर ये ना!"

"काऊन? बालाजीच्या यात्रेत, तंबूतल्या टॉकीजात आमी बाया मांगंच बसो. आमाले तिथूनच पिक्चर समजते!"

सिनेमा सुरू झाला. समोरचे पुरुष चक्रावले. प्रेरणाला आनंद मावेना! तेवढ्यात अब्दुल गनी टेलर ओरडले, "अरे, माह्या दुकानाची पाटी उलटी! कापड उलटं बांधलं का बे कोनी?"

झालं! चौघं धावले. कापड सोडलं, फिरवलं, बांधलं. पाटी उलटीच! पुन्हा फिरवलं. तरी उलटीच!

"चाचा, ते मुद्दाम केलंय!"

"मुद्दाम कोन करते बेटा असं?"

मागच्या बाया मात्र रंगल्या होत्या. "अवं पाह्य, कोकिळाची सासू! जित्ती होती बिचारी तवा!" "अन् हे निंबाचं झाड! तोडलं ना वं आता!" मागून सारं सुलटंच दिसत होतं की! मग काय, एकेक पुरुष उठून मागे गेला. पुंजाजीसुद्धा.

समोर उरली एकटी प्रेरणा. प्रयोगाचं पार वाटोळं! हिरमुसून तीही मागे जाऊन बसली. कोकिळाची सासू ओट्यावर तूर निवडत होती. लहानपणी हिच्याच हातचे भाजके दाणे खाल्ले होते. प्रेरणाला एकदम भरून आलं.

सिनेमा संपला तरी कोणी उठेना. पुंजाजी डोळे पुसत म्हणाले, "जाय माय, पुन्याले."

जिंकली! तिने हळूच विचारलं, "मोठी माय, काही वेगळं वाटलं का गं?"

"हाव तं! मांगून पाहो तं सारे हिरो डाव्या हातानंच तलवार चालवत. जन्मात पह्यल्यांदा कोनी सुलटा पिक्चर काढला!"