आरसा सलामत

सगळं घर ट्रकमध्ये चढलं आणि बाहेरच्या खोलीत दोघंच उरले, थोरली आणि सासूबाईंचा आरसा. आरसा माणसाएवढा उंच, जाडजूड लाकडी चौकटीचा, कडेने पैलू पाडलेला. मुलाच्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात तो मावणार नाही, असं थोरलीने सगळ्यांना सांगितलं होतं. खरं कारण तिने कोणालाच सांगितलं नव्हतं. आरसा तिला धाकटीला द्यायचा होता.

धाकटी म्हणजे तिची जाऊ. एकाच घरात दोघी नांदल्या, त्याच आरशासमोर पाळीपाळीने केस विंचरले, एकमेकींचे अंबाडे नीट केले. मग थोरली नवऱ्याच्या बदल्यांमागे गावोगाव फिरली आणि अंथरुणाला खिळलेल्या सासूबाई धाकटीच्या वाट्याला आल्या. सासूबाई गेल्यावर वाटण्या झाल्या तेव्हा थोरली सहज म्हणून गेली, "आरसा मी नेते हं." धाकटी दारात उभी होती, हातात आरसा पुसायचं फडकं. त्या दिवशी जी बोलायची थांबली ती थांबलीच. पुढे मुलांच्या लग्नात दोघी शेजारी उभ्या राहिल्या त्या फोटोग्राफरने सांगितलं म्हणून, आणि हसल्या त्याही त्यानेच सांगितलं म्हणून.

आपलं चुकलं हे कळायला थोरलीला फार वर्षं लागली, आणि कळल्यावर ते स्वतःशी कबूल करायला आणखी काही. तोंडाने बोलणं तिला जमण्यातलं नव्हतं. आरसा पाठवू, काय बोलायचं ते तोच बोलेल, असं तिने ठरवून टाकलं.

"काकूचा पत्ता मी कंपनीला कळवतो," मुलगा म्हणाला होता. "तू फक्त आरसा कंपनीच्या माणसांच्या हवाली कर."

सामान हलवणाऱ्यांचा मुकादम फिलिपिनो होता. बुटका, हसरा, पाठीवर कपाट घेऊनही शीळ घालणारा. त्याला हिची भाषा येत नव्हती, हिला त्याची. इंग्रजी दोघांनाही सारखंच कमी येत होतं. थोरलीने एक हात आरशावर ठेवला, दुसरा छातीवर ठेवला आणि जड आवाजात म्हणाली, "आरसा... सलामत. हं? एकदम सलामत."

मुकादम शीळ घालायचा थांबला. "सलामत?" त्याने आरशाकडे बोट केलं, मग स्वतःकडे. "सलामत?"

याला आपला शब्द कळतो! थोरलीचा जीव भांड्यात पडला. "हो, हो! सलामत!"

"माय होम?"

तिला ऐकू आलं, 'मॅम, होम?' धाकट्या मॅमच्या घरी न्यायचा ना, याची बिचारा खात्री करून घेतोय. "होम, होम!" म्हणत तिने खिडकीबाहेर दूरवर हात केला. धाकटीचं घर त्याच दिशेला होतं. दुर्दैवाने मुकादमाचंही.

मुकादमाचे डोळे भरून आले. त्याने टोपी काढली. "सलामत, मॅडम! सलामत पो!"

'पो' म्हणजे काय ते तिला समजलं नाही, पण 'पोचवतो' म्हणत असणार असं तिने धरलं. काचेच्या वस्तूसाठी रडणारा मुकादम तिने जन्मात पाहिला नव्हता. माणूस कामाचा आहे, ती मनात म्हणाली.

मग ती धाकटीच्या फोनची वाट बघत बसली. नव्या घरात डबे लावताना वाट बघितली, पडदे टांगताना बघितली. फोन काही आला नाही. शेवटी तिनेच केला.

"मी बोलतेय."

"मी कोण?" धाकटीने आवाज ओळखूनच विचारलं.

"अगं, मी. थोरली."

"बोला, जाऊबाई." वाटण्या झाल्यापासून 'वहिनी'चं 'जाऊबाई' झालं होतं.

"आरसा कुठे लावलास?"

"कोणता आरसा?"

"कोणता काय? सासूबाईंचा. मी पाठवलाय तो."

"माझ्याकडे काही आलेलं नाही. आणि मी मागितलंही नव्हतं. न पाठवता पाठवल्याचा मोठेपणा तरी कशाला घेता?"

थोरलीच्या अंगाचा तिळपापड झाला. तिने तडक मुकादमाला फोन लावला. "हॅलो! आरसा? मिरर? सलामत?"

"सलामत, सलामत, मॅडम!" पलीकडून नुसता आनंद ओसंडत होता. "वाइफ व्हेरी हॅपी! एव्हरी डे क्लीन!"

वाइफ म्हणजे कोण, हा प्रश्नच थोरलीला पडला नाही. दिरांची वाइफ, दुसरी कोण! रोज पुसते म्हणे! आणि मला विचारते, कोणता आरसा!

तरी तिने उतावीळपणा केला नाही. खालच्या मजल्यावर एक म्हातारे घड्याळजी राहायचे, त्यांच्या घरात उर्दू बोलली जायची. साखर मागायच्या निमित्ताने ती त्यांच्याकडे गेली.

"तुमच्यात सलामत म्हणजे काय हो?"

"शाबूत. सुखरूप," घड्याळजी भिंग डोळ्याला लावूनच म्हणाले. "आमची अम्मी तर उठता बसता म्हणायची, सलामत रहो. आशीर्वादच तो."

"दुसरा काही अर्थ नाही ना?"

"ताई, आमच्या आजोबा-पणजोबांपासून घरात बोलला जातोय हा शब्द. आता दुसरा अर्थ कुठून येणार?"

थोरली साखर तिथेच विसरून वर आली आणि धाकटीला फोन लावून म्हणाली, "तुला आरसा हवा, पण माझा हात लागलेला नको, असं सरळ सांग की! मला सगळं कळलंय. रोज पुसतेस म्हणे."

धाकटी अगदी हळू म्हणाली, "पुसला, जाऊबाई. तुम्ही नेईपर्यंत रोज पुसला." आणि तिने फोन ठेवला.

त्या दिवशी थोरलीला जेवण गेलं नाही. पानावरून उठता उठता तिने मुलाला आणि सुनेला झाला प्रकार सांगितला, अर्थात धाकटी किती खोटारडी आहे हे पटवायला. सून एका हॉस्पिटलच्या प्रयोगशाळेत कामाला होती. ऐकता ऐकता तिने घास खाली ठेवला.

"आई, तुम्ही त्याला नेमकं काय म्हणालात?"

"सलामत ने, असं म्हणाले. दुसरं काय म्हणणार?"

"अहो आई, आमच्याकडच्या फिलिपिनो नर्सेस दिवसभर म्हणतात, सलामत, सलामत. त्यांच्यात सलामत म्हणजे थँक्यू!"

"थँक्यू?"

"थँक्यू. आणि पो लावलं की, बाईसाहेब तुमचे आभार."

थोरली धपकन पुन्हा खुर्चीत बसली. छातीवर हात, आरशावर हात, आवाज जड, आणि तोंडाने थँक्यू. वर स्वतःच, होम, होम. "म्हणजे मी त्याला आरसा बक्षीस दिला?"

"पण त्याच्याकडे काकूंचा पत्ता होता ना?" सुनेने नवऱ्याकडे पाहिलं. मुलगा आमटीत काहीतरी शोधू लागला. "तो... कळवायचा राहिला वाटतं," तो म्हणाला.

दुसऱ्या दिवशी थोरलीने जीव मुठीत धरून तिसरा फोन केला आणि सगळं अथपासून इतिपर्यंत सांगितलं. धाकटी ऐकत राहिली. मग नाकातून हसली. सासरी नवीन असताना, सासूबाईंची पाठ वळल्यावर हसायची तशी.

"एका हमालाला थँक्यू म्हणून सासूबाईंचा आरसा!"

"चल, आपण दोघी जाऊन घेऊन येऊ."

"मी येईन," धाकटी म्हणाली, "पण तो तिथे आहे का, एवढं बघायला."

मुकादमाची एकच खोली होती. तिथे खाट, शेगडी, दोरीवर लहान लहान कपडे आणि भिंतीला आडवा टेकवलेला आरसा. वर भिंतभर फळ्या ठोकलेल्या, उभा करायला जागाच नव्हती. आरशासमोर जेमतेम बसायला लागलेलं एक मूल दोन्ही हातांनी काचेतल्या मुलाला थपडा मारत होतं आणि खिदळत होतं. मुकादमाच्या बायकोने घाईने एकुलती एक खुर्ची पुढे केली.

"तू बस," थोरली म्हणाली.

"तुम्ही बसा. थोरल्या तुम्ही."

कोणीच बसलं नाही. ती बाई पदोपदी 'सलामत पो' म्हणत होती, मुलाचे हात काचेवर उमटले की लगेच पुसत होती. थोरलीने घरून वाक्य पाठ करून आणलं होतं, 'मिस्टेक, सॉरी, मिरर बॅक.' ते घशातच राहिलं. तिने धाकटीकडे पाहिलं. धाकटी मुलाकडे बघत होती.

"राहू दे इथेच," धाकटी पुटपुटली. "हसतंय बघा."

परतताना दोघी बसथांब्यावर उभ्या राहिल्या. थोरलीला वाटलं, आता बोलावं. पण धाकटीच आधी बोलली.

"मला आरसा नकोच होता, वहिनी."

वहिनी! थोरलीने तिच्याकडे पाहिलं.

"सासूबाईंना मान वळवता यायची नाही ना. मी आरसा खिडकीसमोर तिरका लावायचे. अख्खा रस्ता त्यात दिसायचा. कोण आलं, कोण गेलं, दिवसभर बघत राहायच्या. तुम्ही याल म्हणून बघायच्या. तुम्ही तो उचललात, तेव्हा वाटलं, निदान विचाराल, हा असा तिरका कशाला ठेवलाय म्हणून."

"मला ठाऊक नव्हतं गं."

"विचारलं असतंत तर ठाऊक झालं असतं." धाकटीच्या आवाजात राग नव्हता, हेच वाईट होतं. "त्या परक्या माणसाचे चुकून का होईना, आभार मानलेत तुम्ही. माझ्या वाट्याला चुकूनही..."

थोरलीच्या तोंडाशी शब्द येईना. आभार हा शब्द सभा संपताना म्हणायचा, घरात कोण कोणाचे आभार मानतं? आणि थँक्यू तर दुकानदारालाही म्हणतात. इतक्या वर्षांच्या उष्ट्या-खरकट्याला, धुण्याला, जागरणांना पुरेल असा शब्द तिने आयुष्यात कधी वापरलाच नव्हता. ती शोधत राहिली, तेवढ्यात बस आली.

"रविवारी येते," पायरीवर चढताना धाकटी म्हणाली. "चहा ठेवा."

घरी आल्यावर थोरली कोणाशी न बोलता जाऊन पडली. आरसा तिथेच ठेवायचं ठरलंय, एवढं एक वाक्य सुनेला सांगितलं असतं तर पुढचं टळलं असतं. पण ते राहिलं. तिच्या आयुष्यात जे जे राहिलं ते एकेका वाक्यापायीच राहिलं होतं. सुनेला वाटलं, बिचाऱ्यांना भाषेअभावी मागता आला नाही. तिने आपल्या ओळखीच्या नर्सकरवी मुकादमाला फोन करवला आणि त्याच्याच भाषेत सगळा घोटाळा नीट समजावून सांगितला.

रविवारी दुपारी घरात थोरली एकटीच होती. बेल वाजली. चहाचं आधण ठेवून तिने दार उघडलं. दारात घामाने निथळणारा मुकादम, आणि त्याच्या पाठीवर आरसा.

"सॉरी, मॅडम. व्हेरी सॉरी. हॉस्पिटल नर्स फोन, टेल मी." तो डोळे वर करीना. जिच्याकडून उचलला तिच्याच हवाली करायचा, एवढंच त्याच्या डोक्यात होतं. त्याने आरसा दारासमोरच्या भिंतीला टेकवला. काच लख्ख पुसलेली होती.

"अहो नको, नको! बेबी! बेबी हॅपी!" थोरली त्याच्या मागे धावली. ठेव रे बाबा, तुझाच आहे तो, हे त्याला कसं सांगायचं? त्याच्या भाषेतला तिला एकच शब्द येत होता. तो ती जिवाच्या आकांताने ओरडली, "सलामत! सलामत पो!"

आरसा परत मिळाल्याबद्दल बाईंनी आभार मानले. मुकादमाने मान हलवली, टोपी घातली आणि तो जिना उतरून गेला. शीळ काही ऐकू आली नाही.

थोरलीने आरसा आतल्या खोलीत ढकलायचा प्रयत्न केला. तो हलेना. पलंगावरची चादर ओढून आणली, ती चौकटीवरून घसरली. ती उचलायला वाकली तेव्हा आरशात तिला उघडं दार दिसलं आणि दारात उभी असलेली धाकटी. ती ठेवणीतली साडी नेसून आली होती. एक चप्पल काढून झाली होती, दुसरी पायातच होती.

धाकटीने आरशाकडे पाहिलं. मग चादरीकडे. मग आरशातूनच थोरलीकडे.

"छान दिसतो," ती म्हणाली. "तुमच्याकडेच शोभतो." आणि काढलेली चप्पल पुन्हा पायात सरकवून ती वळली.

"अगं, थांब! ऐक तरी!" थोरली अनवाणी बाहेर धावली आणि कठड्यावरून खाली वाकून ओरडली, "मी नाही आणला गं! तो आपला आपणच आला!"

वाक्य अगदी खरं होतं, पण तिचं तिलाही ते पटेना. खालच्या मजल्यावर घड्याळजींचं दार उघडलं आणि भिंग लावलेला एक डोळा वर बघू लागला. स्वयंपाकघरात आधण उतू जाऊन शेगडीवर चरचरलं.

"मी त्याला परत दिला होता! म्हणजे त्याच्याकडेच ठेवला होता! सुनेने फोन... नाही, सुनेने नाही, नर्सने..."

पावलं खाली खाली चालली होती.

"अगं, तू सासूबाईंचं सगळं केलंस!" थोरली ओरडली. हे वाक्य कुठून आलं ते तिला कळलं नाही. "मी काही केलं नाही! तू केलंस!"

जिन्यात ते घुमलं. पावलं थांबली. वर येईनात की खाली जाईनात.

थोरली कठडा घट्ट धरून उभी राहिली. वाक्य अजून पुरं झालेलं नाही, एवढं तिला कळत होतं. पुढचा शब्द काही केल्या सापडत नव्हता, आणि खाली धाकटी एका पायरीवर, तिला तो सापडेपर्यंत उभी होती.