वकिलांच्या घरचे हमाल

हिंगणघाटच्या कापूस बाजारातले दोन हमाल सकाळीच अंगणात येऊन उभे राहिले, तेव्हा सुलोचनाने आधी पाळण्याकडे पाहिलं आणि मग दाराच्या कडीकडे.

"कशाला आलात?"

"कामाले," तानबा म्हणाला. "व्यापाऱ्यानं बाहेरून माणसं आणली, आमाले बाजारात पाय ठेवू देऊन नाई राह्यला. वकीलसाहेब आमच्यासाठी कोर्टात भांडून राह्यले, अन् फी घेत नाई. फुकटाचं पचत नाई, बाई."

सुलोचना बी.ए. झालेली. फुकट राबणाऱ्याच्या पोटात काहीतरी असतंच, असं तिचं ठाम मत होतं. "अहो, हे बाळाकडे सारखे का बघतात?" तिने नवऱ्याला विचारलं.

"बाळ बघण्यासारखं आहे म्हणून," प्रभाकरराव वकील म्हणाले. "आणि हो, शेजारी काही बोलू नकोस."

दुपारपर्यंत घराची दशा झाली. दुसऱ्या हमालाने, गुलाबने, गादी उन्हात टाकायला नेली ती गाठी उचलायचा लोखंडी आकडा खुपसून. माजघरभर कापूस उडाला. तानबाने बाळाचे लंगोट आकड्यानेच दोरीवर चढवले. एकेका लंगोटाला एकेक भोक. धान्याची कोठी दोघांनी स्वयंपाकघराच्या दारात अशी ठेवली की आत मांजरही जाईना.

एवढं झाल्यावर शेजारी न बोलणं माणसाच्या हातात नसतं. शेजारच्या प्रमिलाबाईंनी विहिरीवर सगळं ऐकून घेतलं. त्यांचे यजमान त्याच व्यापाऱ्याचे दिवाणजी.

तारखेच्या दिवशी व्यापाऱ्याच्या वकिलाने साक्षीला सुलोचनालाच बोलावलं. बाळ कोर्टाबाहेर प्रमिलाबाईंकडे देऊन ती पिंजऱ्यात उभी राहिली.

"हे दोघे तुमच्या घरी काम करतात?"

"हो."

"पाहा हुजूर! बाजार बंद झाला तरी यांना दुसरं काम आहे. मनाई हुकूम हवा कशाला?"

कोपऱ्यातल्या गुलाबचा चेहरा उतरला. आपल्या जिभेपायी दोन घरच्या चुली विझणार, हे सुलोचनाच्या ध्यानात आलं आणि तिची भीड चेपली.

"काम? याला काम म्हणतात?" गादी, लंगोट, कोठी, तिने काही म्हणजे काही ठेवलं नाही.

"म्हणजे पोत्या-गाठींखेरीज यांना काही हाताळता येत नाही?" न्यायाधीशांनी विचारलं.

"मी यांच्या हातात उशीसुद्धा देणार नाही!"

सगळं कोर्ट हसलं. न्यायाधीशांनी हसू आवरून हुकूम सांगितला: यांचं पोट हमालीवरच आहे, दाव्याचा निकाल लागेपर्यंत व्यापाऱ्याने यांना कामावरून अडवू नये.

सुलोचना बाहेर धावली. प्रमिलाबाई दाराशीच कान लावून उभ्या होत्या, हात रिकामे.

"बाळ कुठंय?"

"अगबाई, हुकूम ऐकायचा होता ना! तानबाकडे दिलं."

कडुनिंबाखाली तानबा मांडी घालून बसला होता. बाळ त्याच्या खांद्यावर गाढ झोपलेलं, तोंड पुसलेलं, लंगोट कोरडा, नीट गाठ मारलेला. एका हाताने तो पाठ थोपटत होता, दुसऱ्या हाताने माशा वारत होता.

"तानबा! हे सगळं तुला येतं?"

तानबाने तिच्यामागून येणाऱ्या प्रभाकररावांकडे पाहिलं. प्रभाकरराव कोटाची गुंडी लावण्यात गढून गेले. ती मघापासून लावलेलीच होती.

"हळू बोला ना, बाई," तानबा कुजबुजला.

"उठेल का?"

"थो नाई उठत. पण जज्जसाहेब बी अजून खुर्चीवरून उठले नाईत."