पर्ससाठी खुर्ची

आमच्या शेजारचे सिरिल काका आतापर्यंत एकतीस वेळा मेले आहेत. सात वेळा विषाने, चार वेळा जिन्यावरून ढकलून, तीनदा तलवारीने, आणि एकदा डोक्यावर झुंबर पडून. बाकीचे किरकोळ. झुंबराचा मृत्यू त्यांचा खास आवडता. "दोन दिवस लागले मरायला," असं ते अभिमानाने सांगतात. "झुंबर वेळेवर पडेना." या एकतिसांतला एकही मृत्यू सिनेमाच्या पहिल्या वीस मिनिटांनंतरचा नाही.

काकांचं पूर्ण नाव सिरिल मॉसक्रॉप. जन्माने इंग्रज, पेशाने नट. तोही कसला, तर ज्याचा चेहरा सगळ्यांना ओळखीचा वाटतो आणि नाव एकालाही सांगता येत नाही असला. आधी लंडनच्या रंगभूमीवर वीसेक वर्षं, मग कॅलिफोर्नियात सिनेमा आणि टीव्ही. बटलर, पाद्री, स्टेशनमास्तर, वकिलाचा कारकून आणि प्रेत, एवढ्यात सगळी कारकीर्द आटोपली. म्हातारपणी मुलीजवळ राहावं म्हणून बायकोला, डोरिसला, घेऊन ते टेक्ससमध्ये, प्लेनोला आले. दोन वर्षांत मुलीची बोस्टनला बदली झाली आणि त्याच हिवाळ्यात डोरिस गेली. काका मात्र हलले नाहीत. चार बेडरूमच्या घरात एकटेच राहिले, आणि २००१ साली आम्ही त्यांच्या शेजारी राहायला आलो.

ओळख करून दिली आमच्या ईशाने. शनिवारी दुपारी टीव्हीवर कुठलासा जुना सिनेमा चालू होता. ईशा किंचाळली, "आई, लुक! शेजारचे आजोबा! ओह नो... ही जस्ट डाइड!" मी खिडकीशी धावले. आजोबा अंगणात गुलाबांना पाणी घालत होते. पारा शंभराच्या वर गेलेला, आणि यांच्या अंगात वेस्टकोट.

आमचं बोलणं इंग्रजीतच चालायचं, मी इथे मराठीत सांगतेय. काका कुणाकडे सरळ आत येत नाहीत. दार उघडलं की दोन पावलं मागे सरकतात, खाकरतात आणि डाव्या पायाने आत शिरतात. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, "माझ्या भूमिकांमध्ये फक्त आत येणं लिहिलेलं असायचं. बाहेर मला उचलून न्यायचे. त्यामुळे आत येण्यातच जे काय करायचं ते करून घ्यायची सवय."

आमच्या मराठी मंडळाच्या पॉटलकला, म्हणजे ज्याने-त्याने घरून पदार्थ आणायच्या जेवणाला, मी त्यांना पहिल्यांदा नेलं तेव्हा ते आपणहून दाराशी जाऊन उभे राहिले. अ‍ॅल्युमिनियमचे ट्रे घेऊन जोडपी येत होती आणि काका खणखणीत आवाजात पुकारत होते, "मिस्टर अँड मिसेस कुलकर्णी! विथ भरली वांगी!" कुलकर्णी काकूंना आयुष्यात एवढा मान कुणी दिला नव्हता. तेव्हापासून त्या प्रत्येक पॉटलकला भरली वांगीच आणतात. काकांनीही त्या दिवशी पहिलं मराठी वाक्य पाठ केलं, "जेवण वाढलंय, बाईसाहेब." बटलरचा जन्म सत्कारणी लागला.

आता मुद्द्याचं. २००३ सालच्या गणपतीसाठी मंडळाने नाटक बसवायला घेतलं होतं. लेखक-दिग्दर्शक मिलिंद, आठवड्याचे पाच दिवस डेटाबेस आणि दोन दिवस रंगभूमी. इंग्रज अमदानीतलं गाव. गावात लग्न आहे, वरातीला घोडा नाही, म्हणून गावाने कलेक्टरचाच घोडा पळवून लपवलाय. कलेक्टर चौकशीला येतो आणि पाटलापासून न्हाव्यापर्यंत सगळे एका सुरात थापा मारतात. शेवटी कलेक्टर सगळं ओळखून म्हणतो, "पाटील, तुमच्या गावात सगळे खोटं बोलतात. पण एकत्र बोलतात." घोडा वरातीला देऊन टाकतो आणि पडदा.

कलेक्टर होता घाऱ्या डोळ्यांचा मंदार. प्रयोगाला पाच आठवडे उरले असताना त्याच्या कंपनीत लेऑफ झाला आणि तो नव्या नोकरीसाठी क्युपर्टिनोला निघून गेला. मिलिंद डोकं धरून बसला. मी सहज बोलून गेले, "आमच्या शेजारी ओरिजिनल इंग्रज आहे."

"अगं, पण मराठी?"

"मंदारचं तरी कुठे धड होतं?"

मी विचारायला गेले तेव्हा काकांनी हातातला पाण्याचा पाइप खाली ठेवला. "किती वेळा मरायचं आहे?"

"एकदाही नाही. पडद्याचं वाक्य तुमचं आहे, काका."

काका तडक आत गेले. मला वाटलं, रागावले. पाच मिनिटांनी टाय बांधून बाहेर आले आणि म्हणाले, "प्रॉम्प्टर कोण?"

प्रॉम्प्टर मी. आमच्या मंडळात प्रॉम्प्टरवाचून पान हलत नाही. लोक नोकऱ्या सांभाळून, पोरांना सॉकरला सोडून तालमीला येतात, पाठांतर करणार कधी? माझी कुजबुज तिसऱ्या रांगेपर्यंत जाते म्हणून हे काम माझ्याकडे. "घरी बारा महिने तालीम असते तिची," असं माझा नवरा, शेखर, सगळ्यांना सांगत असतो.

तालमी मिलिंदच्या गॅरेजमध्ये व्हायच्या. ऑगस्टचा उकाडा आणि दोन पंखे. काका पहिल्याच दिवशी आले, खाकरले, डाव्या पायाने शिरले आणि वॉटर हीटरच्या बाजूला, म्हणजे आमच्या डाव्या विंगेत, दोन घडीच्या खुर्च्या मांडल्या. एकीवर मला बसवलं.

"आणि दुसरी कुणाला?"

"तुमच्या पर्ससाठी, वीणाबाई."

हे 'बाई' मिलिंदने शिकवलेलं. शेखरने बारा वर्षांत माझी पर्स दोन मिनिटं हातात धरली नव्हती, आणि हा गृहस्थ तिला स्वतंत्र खुर्ची देत होता. मी ऐटीत पर्स ठेवली.

पाठांतराचं म्हणाल तर काकांनी आम्हाला लाजवलं. रोमन लिपीत संवाद लिहून, वर-खाली बाण काढून आठ दिवसांत सगळी भूमिका तोंडपाठ. त्यांचा 'ळ' आमच्या पोरांपेक्षा स्वच्छ. "भाषा यायला कशाला हवी?" ते म्हणायचे. "खोलीत कोण आलंय आणि ते का घाबरलंय एवढं कळलं की पुरे." पुढच्या आठवड्यात त्यांना पाटलाचेही संवाद यायला लागले, जे पाटलाला शेवटपर्यंत आले नाहीत.

एका तालमीनंतर मिलिंदने त्यांना 'वन्स मोअर'ची पद्धत सांगितली. वाक्य आवडलं की प्रेक्षक ओरडतात आणि नट ते परत म्हणतो. काकांनी समोसा खाली ठेवला. "प्रेक्षक स्वतःहून परत मागतात? मला कधी कुणी परत मागितलं नाही. मेलेल्या माणसाला कोण परत मागणार!" सगळे हसले. काका नेहमीपेक्षा जरा उशिराने हसले.

फक्त एक घोटाळा होता. शेवटचं वाक्य. "पाटील, तुमच्या गावात सगळे खोटं बोलतात," इथपर्यंत काका फर्मास यायचे आणि थांबायचे. डावीकडे, माझ्याकडे वळायचे आणि बघत राहायचे. मी कुजबुजायचे, "पण एकत्र बोलतात." मग ते म्हणायचे. प्रत्येक तालमीला, न चुकता, तिथेच.

"हा रिप्रोड्यूसेबल बग आहे," मिलिंद वैतागला. "काका दर वेळी त्याच लाइनला क्रॅश होतात. काका, आपण ही लाइन छोटी करू या का? किंवा कटच करू."

काकांचा चेहरा पांढराफटक पडला. "वाक्य कापणार असाल तर मलाही कापा," ते म्हणाले.

रंगीत तालीम गुरुवारी झाली. काका तिथेच अडले. मिलिंदने मला बाजूला घेतलं. "वीणा, पडद्याची लाइन आहे यार. चारशे लोक असतील. त्यांचं वय बघ. मी शेखरला उभा करतो." शेखरने चेहऱ्याला लावायची पावडर आधीच आणून ठेवली होती, घरभेदी मेला! मी भडकले. म्हटलं, "म्हाताऱ्याला आयुष्यात पहिल्यांदा शेवटपर्यंत जिवंत राहायला मिळतंय, आणि तू तीन शब्दांसाठी त्याला काढतोस? मी विंगेत आहे ना. ते वाक्य माझ्यावर सोड." मिलिंदने हो म्हटलं. पण शेखरला त्याने मेकअप करून तयार राहायला सांगितलंच.

आणि शनिवारी सकाळी उठले तर माझा आवाज गायब. आठवडाभर पाटलाला प्रॉम्प्टिंग करून घशाचं पार वाटोळं झालं होतं. हळद-दूध झालं, ज्येष्ठमध झालं. घशातून नुसती हवा. शेखर दिवसभर विलक्षण प्रसन्न होता.

मिलिंदला मी कळू दिलं नाही. काकांना मात्र फसवणं बरं दिसेना. शाळेच्या ऑडिटोरियममध्ये नटराजाची पूजा झाली, उदबत्तीविना, कारण फायर अलार्म. नारळ पार्किंगमध्ये नेऊन फोडला. मी काकांच्या हातात चिठ्ठी दिली, 'आवाज गेला. सॉरी.' त्यांनी ती वाचली, घडी करून वेस्टकोटच्या खिशात ठेवली आणि डाव्या विंगेत जाऊन दोन खुर्च्या मांडल्या. "बसा, वीणाबाई," म्हणाले. "ओठ तर आहेत ना?"

तिसरी घंटा झाली. काका खाकरले, डाव्या पायाने शिरले आणि तोंड उघडायच्या आत टाळी पडली. पुढे काय वर्णावं! पाटील दोनदा संवाद विसरला. मी खुर्चीत नुसती तडफडतेय, तर कलेक्टरसाहेब तालमीत जमवलेल्या मराठीत शांतपणे म्हणाले, "पाटील, तुम्ही आता म्हणणार होतात की घोडा तुम्ही पाहिलाच नाही." चारशे लोक खो खो हसले. पाटील म्हणाला, "होय साहेब, तेच म्हणणार होतो," आणि गाडी रुळावर आली. काकांनी ते आख्खं नाटक खांद्यावर घेतलं होतं.

मग ते वाक्य आलं. "पाटील, तुमच्या गावात सगळे खोटं बोलतात."

काका थांबले. डावीकडे वळले.

मी जीव तोडून ओठ हलवले. पण एकत्र बोलतात. पण एकत्र बोलतात! आवाज नाही. समोरच्या विंगेत मिलिंदने डोळे मिटून घेतले. त्याच्या मागे शेखर, पावडर थापलेला, भुतासारखा. सगळं सभागृह चिडीचूप. आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं की काका माझ्या ओठांकडे बघतच नाहीयेत. ते माझ्या शेजारी बघत होते. पर्सकडे.

ते जरासे हसले. पाटलाकडे वळले आणि अगदी हळू, मायेने म्हणाले, "पण एकत्र बोलतात."

छप्पर उडायचं तेवढं बाकी होतं. शिट्ट्या, टाळ्या, आणि मागून कुणीतरी गरजलं, "वन्स मोअर!" मग सगळीकडून, "वन्स मोअर! वन्स मोअर!" काका क्षणभर तसेच उभे राहिले.  मग त्यांनी वेस्टकोट खाली ओढला आणि पुन्हा सुरुवात केली. "पाटील, तुमच्या गावात सगळे खोटं बोलतात."

आणि पुन्हा थांबले. पुन्हा डावीकडे वळले.

या वेळी चारशे माणसं एका आवाजात ओरडली, "पण एकत्र बोलतात!"

काकांनी छातीवर हात ठेवला आणि लवून नमस्कार केला. पडदा पडला. मिलिंद रडत होता. त्याच्या त्या 'बग'ला मिळालेली टाळी मंडळात अजून कुठल्याच वाक्याला मिळालेली नाही.

सामान आवरताना मी घसा खरवडून एवढंच विचारलं, "काका, तुम्हाला वाक्य येत होतं?"

"वीणाबाई, मी आयुष्यात एकही वाक्य विसरलो नाही," काका म्हणाले. मग पर्सच्या खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून सांगू लागले. "डोरिस आमच्या लंडनच्या कंपनीत प्रॉम्प्टर होती. कंपनीतले सगळे नट पाठांतरात पक्के. मालक म्हणाला, हिची गरजच काय? काढून टाकू. माझी भूमिका चार वाक्यांची. मी दुसऱ्या दिवसापासून रोज त्यातलं एक विसरायला लागलो."

"मग?"

"तिची नोकरी टिकली. नाव माझं खराब झालं. चार वाक्यांत एक विसरणाऱ्याला मोठी भूमिका कोण देणार? पण लग्न झालं तरी मी सोडलं नाही. भरलेल्या थिएटरात रोज एकदा ती मला काहीतरी सांगायची आणि मी ते सगळ्यांना ऐकवायचो. तिला कळलं होतं मी सोंग करतोय. तिने मला कधी दाखवलं नाही. सिनेमात प्रॉम्प्टर नसतो. तिथे मग मरण्यात वेळ घालवला."

माझ्या डोळ्यांतून घळाघळा पाणी येत होतं. काकांनी मला रुमाल दिला, खाकरले आणि म्हणाले, "वन्स मोअर म्हणाले हो मला. डोरिसने ऐकलं असणार."

गेली पाच वर्षं काका आमच्या प्रत्येक नाटकात असतात, आणि एकाही नाटकात मेलेले नाहीत. मिलिंद संहिता लिहून झाली की मला फोन करून विचारतो, "काका यंदा कुठली लाइन विसरणार?" काका अजूनही स्वतःच्या हाताने डाव्या विंगेत दोन खुर्च्या मांडतात आणि दुसऱ्या खुर्चीकडे बोट दाखवून म्हणतात, "पर्ससाठी." मी मान डोलावते.

आणि पर्स खाली, माझ्या पायाशी ठेवते.