पट्टा, मुखवटा आणि दीडशे बिबडे

टीव्हीवरच्या कुस्तीतल्या चॅम्पियनचा असतो तसा चार किलोचा पट्टा मी मागवला आणि दिवाणखान्यात टांगला. एवढंच माझं पाप. (वय सत्तेचाळीस, भुसावळात कारकून, वजन विचारू नका.)

"खोट्या कुस्तीचा पट्टा माझ्या भिंतीवर नको," सुलक्षणा म्हणाली.

"खोटी?" माझं डोकंच फिरलं. वीस वर्षांची भक्ती आहे माझी! बायको सांगते म्हणून देव बदलतो का कोणी?

नेमके चोपड्याहून सासरे, तोतारामआबा, आलेले. तरुणपणी आखाडे गाजवलेला माणूस. त्यांनी निकालाची सोय केली.

"जवाईबापू, टाकीच्या कट्ट्यावरथीन उडी मारा. लागनं तं खरी. नही लागनं तं पट्टा भंगारमा."

"मान्य!" मी गरजलो.

मग गुपचूप गच्चीवर जाऊन कट्ट्याखाली गादी टाकली, वर चादर पसरली. पडायचं गादीवर आणि बोंबलायचं जिवाच्या आकांताने. (याला फसवणूक म्हणत नाहीत, तयारी म्हणतात.) शेजारच्या खाटेवर धोतर अंथरून सुलक्षणा आणि शेजारीण मंदाबाईंनी पहाटेपासून थापलेले दीडशे बिबडे, म्हणजे आमचे ज्वारीचे पापड, वाळत होते.

पट्ट्यासोबत आलेला पैलवानी मुखवटा चढवून मी कट्ट्यावर उभा राहिलो. उडी मारली आणि मुखवटा फिरला. डोळ्यांची भोकं कानावर गेली. पुढचं दिसलं नाही, ऐकू मात्र आलं. खाट मोडल्याचं.

"मेलो!" मी ओरडलो. अगदी मनापासून.

"नाटक करी ऱ्हायनात," आबा म्हणाले.

"नाटक नाही, आबा! कंबर गेली माझी!"

तेवढ्यात सुलक्षणाने शेजारची चादर उचलली. "आणि ही गादी कशाला?"

"पण मी गादीवर पडलोच नाही ना!" पाठीला ओले बिबडे चिकटलेल्या अवस्थेत मी ठणकावलं. "लागलंय! म्हणजे कुस्ती खरी! पट्टा राहणार!"

आबांनी कंबर दाबून पाहिली. मी टाकीएवढा उडालो. "लागेल शे," त्यांनी कबूल केलं. जिंकलो!

"राहू दे पट्टा," सुलक्षणा म्हणाली. "पण गच्चीवर."

आता नव्या बिबड्यांचं धोतर उडू नये म्हणून त्यावर पट्टा ठेवलाय, आणि राखणीला रजेवरचा मी, मुखवट्यासकट. पहिल्या दिवशी कावळे घाबरले. दुसऱ्या दिवसापासून एक रोज येतो, माझ्याकडे बघतो आणि पट्ट्यावर बसून बिबडा खातो.

तरी सांगतो, कुस्ती खरीच आहे. फक्त सध्या चॅम्पियन तो आहे.